वडिलार्जित जमीन, वाटणी आणि न्यायालय

(मंडळाच्या वार्षिक संमेलनात नांदेड येथे दिलेल्या व्याख्यानाचा मजकूर)



आपल्या कार्यकारी मंडळाने मला या व्यासपीठावरून बोलण्याची आज्ञा केली, तेव्हा विषयाची निवड माझ्यावरच सोपविली. विद्यार्थ्यांचा गुणगौरव, वधूवरांचा परिचय, वसतिगृहाचा निधी हे आपल्या संमेलनाचे नित्याचे विषय होत, आणि त्यांवर बोलणारे माझ्याहून अधिकारी वक्ते येथे पुष्कळ आहेत. मी आयुष्यभर दिवाणी न्यायालयाच्या पायऱ्या झिजविल्या. नांदेड व लातूर या दोन जिल्ह्यांच्या तालुका कोर्टांत वाटणीचे दावे चालविणे हाच माझा चरितार्थ. तेव्हा ज्यातले दोन शब्द आपल्याला कळतात तेच बोलावे, असे मी ठरविले. हा विषय आनंदाच्या दिवशी काढण्यासारखा नाही, हे मी जाणतो. या मंडपात असे सख्खे भाऊ आहेत, की जे एकमेकांकडे पाठ करून बसले आहेत. आणि त्यांपैकी काहींची वकीलपत्रे माझ्याच कपाटात आहेत. त्यांनी मला क्षमा करावी. कोणाचेही नाव, गाव अथवा गट नंबर मी घेणार नाही.

प्रथम एक हिशेब सांगतो. १९७०-७१ च्या कृषिगणनेत महाराष्ट्रातील सरासरी खातेदाराकडे ४.२८ हेक्टर जमीन होती. २०१५-१६ च्या गणनेत ती १.३४ हेक्टरांवर आली. आपल्या एकरी भाषेत बोलायचे तर साडेदहा एकरांचे सव्वातीन एकर झाले, आणि तेही एका माणसाच्या हयातीत. या सव्वातीन एकरांसाठी दोन पिढ्या कोर्टात उभ्या राहतात. दावा बापाने लावलेला असतो, त्याची साक्ष मुलगा देतो आणि ताबा, मिळालाच तर, नातवाला मिळतो.

आता कायद्याच्या मुळाविषयी थोडे, कारण ते मूळ आपल्या अंगणातच आहे आणि याची जाणीव आपल्यांतील फार थोड्यांना असते. निलंग्याच्या पलीकडे, आज बीदर जिल्ह्यात असलेले बसवकल्याण म्हणजे चालुक्यांची कल्याणी. सहाव्या विक्रमादित्याच्या काळात, म्हणजे अकराव्या शतकाच्या अखेरीस व बाराव्याच्या आरंभी, तेथे विज्ञानेश्वराने याज्ञवल्क्यस्मृतीवर मिताक्षरा ही टीका लिहिली. बंगाल-आसामकडचा भाग सोडला, तर जवळजवळ सर्व हिंदुस्थानातील एकत्र कुटुंबांचे दावे आठ-नऊशे वर्षे तिच्या आधारे चालले. बंगालच्या दायभागाप्रमाणे बाप वारल्यावर मुलाला हक्क मिळतो. विज्ञानेश्वर म्हणतो, की वडिलार्जित मिळकतीत मुलाचा हक्क जन्मतःच उत्पन्न होतो. इकडे गुजरात-मुंबईकडे ज्या व्यवहारमयूखाला मान मिळाला, त्याचा कर्ता नीलकंठभट्ट काशीस राहिला खरा, पण त्याचे घराणे मूळचे पैठणचे. म्हणजे भावाभावांचे तंटे कसे तोडावेत हे साऱ्या देशाला शिकविणारी विद्या या गोदा-मांजरेच्या प्रदेशातून निघाली. आणि तंटे मात्र आपल्याच घरात उरले. असो.

जन्मतः हक्क हे तत्त्व उदात्त आहे, पण त्याला कागद लागत नाही, आणि आपल्या अडचणीचे बीज नेमके येथे आहे. पाळण्यातले पोर जमिनीचे भागीदार असते आणि सातबाऱ्यावर त्याचा मागमूस नसतो.

मराठवाड्यात तर कागदाची कथा आणखी निराळी आहे. १९४८ च्या सप्टेंबरपर्यंत आपण निजामाच्या राज्यात होतो. महसुलाचा कायदा १३१७ फसलीचा, म्हणजे १९०७ चा. (फसली सनात ५९० मिळवले, की इसवी सन येतो, हे नव्या वकिलांनी टिपून ठेवावे, मी पाहतो, की ते बिचारे १३५० हा आकडा वाचून शिवाजीमहाराजांच्याही मागे जातात.) वरिष्ठ दप्तर उर्दूत, घरगुती कागद मोडीत आणि आजचे न्यायालय मराठी व इंग्रजीत. एका दाव्यात तीन लिप्यांचे कागद येतात आणि भाषांतर करणारा जाणकार तालुक्यात शोधूनही सापडत नाही. त्या कायद्यात सरकारला सारा देण्याची जबाबदारी ज्याच्यावर, तो पट्टेदार. त्याच्याबरोबरीने मालकी असलेला भागीदार तो शिकमीदार. आणि खंडाने कसणारा तो असामी शिकमी. आपल्या लोकांनी या तीन शब्दांचा असा काही काला केला, की आजही धाकट्या पातीचा माणूस कोर्टात ‘माझा आजा शिकमी होता’ असे सांगतो, आणि समोरचा वकील तात्काळ म्हणतो, ‘म्हणजे कूळ होता, मालक नव्हे.’ एका शब्दाच्या अपुऱ्या उच्चाराने भाऊ कुळाच्या पंक्तीत जाऊन बसतो.

पट्टा बहुधा थोरल्या भावाच्या नावे असे. त्यात कपट नव्हते. सारा एकाने भरावा, पटवाऱ्याला एकाचेच तोंड दिसावे, एवढाच हेतू. पश्चिम महाराष्ट्रात अशा नावापुढे ‘ए.कु.मॅ.’, म्हणजे एकत्र कुटुंबाचा मॅनेजर, अशी खूण तरी असे, आणि पुढे उतारा नव्याने लिहिताना ती गळाली की थोरला एकटा मालक होऊन बसे. आपल्याकडे पुष्कळ ठिकाणी ती खूणही नव्हती. १९५४-५५ च्या खासरा पाहणी पत्रकात जे नाव आले, तेच पुढे सातबाऱ्यावर उतरले. त्या पत्रकाची नक्कल हा मराठवाड्यातील प्रत्येक जमिनीच्या दाव्याचा कणा आहे. आपल्या प्रत्येक कुटुंबाने ती काढून घरात ठेवावी, अशी माझी विनंती आहे. दावा करण्यासाठी नव्हे. आपल्या आजोबांचे भाऊ किती आणि कोणाचे नाव कोठे गळाले, हे जिवंत माणसे सांगू शकतात तोवर ताडून पाहावे म्हणून. पुढच्या दहा वर्षांत ती माणसेही राहणार नाहीत.

सातबारा म्हणजे मालकीचा दाखला, हा समज आपल्यात फार पक्का आहे. फेरफाराने मालकी निर्माणही होत नाही आणि नष्टही होत नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने वारंवार सांगितले आहे. महसूल अधिनियमाप्रमाणे नोंद खरी धरली जाते, ती फक्त उलट सिद्ध होईपर्यंत. त्यामुळे ‘उताऱ्यावर माझे एकट्याचे नाव आहे’ असे म्हणून छाती काढणाऱ्या थोरल्यानेही निर्धास्त राहू नये, आणि ‘माझे नाव नाही’ म्हणून धाकट्यानेही हात टेकू नयेत. एका सहहिस्सेदाराचा ताबा हा सर्वांचा ताबा असतो. आपल्याला हिश्शातून बाहेर काढले आहे, हे ज्या दिवशी कळते, त्या दिवसापासून दाव्याची बारा वर्षांची मुदत धावू लागते. पुण्याला नोकरी करीत होतो, म्हणून हक्क बुडाला असे होत नाही.

नोकरीवाल्या भावाचा विषय निघालाच आहे, तर दुसरी बाजूही सांगितली पाहिजे. घरी राहिलेल्याने विहीर खोदली, पाइपलाइन केली, माळाची जमीन फोडून काळी केली, आईबापांचे दुखणे काढले. आणि तीस वर्षांनी पेन्शन घेऊन आलेला भाऊ समसमान हिस्सा मागतो. कायदा त्याला तो देतो. मी वकील या नात्याने तो मिळवूनही दिला आहे, आणि ताबा देण्याच्या दिवशी कसणाऱ्याच्या बायकोचे डोळे पाहून मान खाली घातली आहे. कायद्याला घामाची मोजणी करता येत नाही. ती घरातच करावी लागते. थोरल्याच्या नावे मागाहून घेतलेली जमीन सामाईक की स्वतंत्र, हाही असाच वाद. कुटुंब एकत्र होते एवढ्यावरून जमीन सामाईक ठरत नाही. ती घेता येईल एवढे उत्पन्न देणारी मूळ मिळकत घरात होती, हे सामाईक म्हणणाऱ्याने दाखवावे लागते. १९५४ साली श्रीनिवास कांगो यांच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने हे स्पष्ट केले, आणि आजही बहुतेक वादी येथेच अडखळतात, कारण १९६० सालच्या ज्वारीचा हिशेब कोणाच्याच घरी नसतो.

आणखी एक गुंता आपणच आपल्या हातांनी करून ठेवला आहे. जमीनधारणेच्या कमाल मर्यादेचा कायदा १९६१ चा. १९७५ साली ती मर्यादा आणखी खाली आली. त्या वर्षांत मोठ्या खातेदारांनी घाईघाईने मुलांच्या, पुतण्यांच्या, प्रसंगी मेहुण्यांच्या नावे वाटण्या दाखविल्या. जमीन वाचली. पण ज्याचे नाव केवळ सीलिंगसाठी लागले होते, त्याचा मुलगा आता म्हणतो, ‘हे आमचेच.’ आणि ज्याची जमीन होती त्याचा मुलगा न्यायालयात येऊन सांगतो, की ती वाटणी खोटी होती. आपल्या बापाने सरकारला फसविले, असे प्रतिज्ञेवर सांगण्याची पाळी त्याच्यावर येते. न्यायाधीश दोघांकडेही ज्या नजरेने पाहतात, ती मी वर्णन करीत नाही.

आता ज्या मुद्द्यासाठी मी हे व्याख्यान पत्करले, त्याकडे वळतो. तो मुद्दा आपल्या लेकीबाळींचा.

हिंदू वारसा कायदा १७ जून १९५६ रोजी अमलात आला. तोवर एकत्र कुटुंबातला पुरुष वारला, की त्याचा हिस्सा उरलेल्या पुरुषांकडे जाई आणि मुलीच्या वाट्याला लग्नाचा खर्च व चोळीखण येई. १९५६ नंतर बापाच्या स्वतःच्या हिश्शात तरी ती वारस झाली. महाराष्ट्राने १९९४ साली एक पाऊल पुढे टाकले आणि त्या वर्षी २२ जूनपर्यंत लग्न न झालेल्या मुलींना जन्मतः हक्क दिला. ९ सप्टेंबर २००५ पासून तोच हक्क, लग्न झालेले असो वा नसो, देशातल्या सर्व मुलींना मिळाला. त्या दिवशी बाप जिवंत पाहिजे की नको, यावर पंधरा वर्षे वाद चालला. एका निकालाने हो म्हटले, दुसऱ्याचा सूर निराळा निघाला. शेवटी ११ ऑगस्ट २०२० रोजी विनीता शर्मा यांच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाच्या तीन न्यायमूर्तींनी निर्णय दिला, की हक्क जन्माचा आहे, बापाच्या हयातीशी त्याचा संबंध नाही. विज्ञानेश्वराने मुलापुरता ठेवलेला सिद्धांत अखेर मुलीपर्यंत पोहोचला.

याने फरक किती पडतो, ते आकड्यांनी पाहू. समजा, वडिलार्जित वीस एकर जमीन आहे. नवरा, बायको, दोन मुलगे, दोन मुली असे कुटुंब आहे आणि बाप वारला. जुन्या हिशेबात मृत्यूच्या आदल्या क्षणी वाटणी झाली असे धरीत: बाप, आई व दोन मुलगे यांना पाच-पाच एकर. मग बापाचे पाच एकर पाचही वारसांत, प्रत्येकी एक. म्हणजे आई सहा, दोघे मुलगे सहा-सहा आणि मुली एक-एक एकर. नव्या हिशेबात आधीचेच सहा हिस्से पडतात, बापाचा हिस्सा पाचांत वाटला जातो, आणि आई, मुलगे, मुली अशा पाचही जणांना बरोबर चार-चार एकर येतात. सहाचे चार होतात आणि एकाचेही चार होतात. ज्यांचे सहाचे चार झाले त्यांना कायदा अन्यायाचा वाटतो, यात नवल नाही. पण ज्याला आपण अन्याय म्हणतो, तो आधीच्या पन्नास वर्षांत कोणावर होत होता, याचेही उत्तर आपल्याला दिले पाहिजे.

आपल्या घरांत या कायद्यावर एक तोड काढलेली आहे, तिला हक्कसोडपत्र म्हणतात. वडिलांचे तेरावे आटोपते, पाहुणे अजून गेलेले नसतात, आणि भाऊ बहिणींना दुय्यम निबंधकाच्या कार्यालयात घेऊन जातो. सहीनंतर साडी, पेढे. मी स्वतः अशी पत्रे लिहून दिली आहेत. ‘राजीखुशीने, कोणाच्याही दडपणाखाली न येता’ हे शब्द लिहिताना समोर बसलेल्या बाईच्या चेहऱ्यावर ना राजी असे ना खुशी. तिची भाषा एकच: ‘माहेर तुटायला नको.’ तिला ठाऊक असते, की जमीन मागितली तर दिवाळीला बोलावणे येणार नाही. चार एकर एका पारड्यात आणि उंबरठा दुसऱ्या पारड्यात, असा हा सौदा आहे.

बहीण स्वखुशीने हक्क सोडीत असेल, तर तो तिचा अधिकार आहे आणि त्याला माझी मुळीच हरकत नाही. माझे म्हणणे एवढेच, की तेराव्याच्या आठवड्यात ते करू नये. वर्ष जाऊ द्यावे. काय सोडीत आहोत हे एकर-गुंठ्यांत तिला समजावून सांगावे. ती सोडीत असेल तर कोणासाठी सोडीत आहे, हेही तिने ठरवावे; पुष्कळ बहिणींच्या मनात ते आईसाठी असते आणि कागदावर मात्र भावाचे नाव येते. एवढे केले, तर पुढे दावे होणार नाहीत. बहिणींनी दावे लावल्याने घरे मोडली, असे या संमेलनातही बोलले जाते. माझ्या दप्तराचा अनुभव उलट आहे. बहिणीचा दावा बहुधा तेव्हा येतो, जेव्हा भावांनी आपसांत दावा आधीच लावलेला असतो, किंवा आईला घराबाहेर काढलेले असते. लग्नात हुंडा दिला, तोच तिचा हिस्सा, हा युक्तिवाद तर कृपा करून कोणी करू नये; हुंडा देणे-घेणे १९६१ पासून गुन्हा आहे आणि गुन्ह्याची पावती कोणत्याही न्यायालयात वजाबाकीस धरीत नाहीत.

शेतकरी संघटनेच्या शरद जोशींनी लक्ष्मीमुक्तीची हाक दिली, त्यानंतर १९९२ साली शासनानेही पत्नीचे नाव सातबाऱ्यावर लावण्याचा आदेश काढला. आपल्या मंडळातील किती घरांनी ते केले, हे हात वर करून विचारण्याचे धाडस मला आज होत नाही.

मरणाची तारीख आणि मरणाचा क्रम यांवर सारे हिस्से अवलंबून असतात, हे लातूर जिल्ह्याने जसे भोगले तसे क्वचितच कोणी भोगले असेल. ३० सप्टेंबर १९९३ च्या पहाटे किल्लारी-सास्तूरच्या परिसरात एकाच छताखाली बाप, मुलगा, सून, नातवंडे गेली. कोण आधी गेले, हे सांगणारे कोणी उरले नव्हते. अशा वेळी वारसा कायद्याचे एकविसावे कलम, उलट पुरावा नसेल तर, वयाने लहान असलेला मोठ्याच्या मागाहून वारला असे धरते. म्हणजे बापाचा हिस्सा क्षणभर मुलाकडे आला आणि मुलाकडून त्याच्या वारसांकडे गेला. त्या एका कल्पित क्षणामुळे कोठे विधवा सुनेला आधार मिळाला, तर कोठे जमीन दुसऱ्याच शाखेकडे वळली. ढिगाऱ्याखाली कागदही गेले होते. ज्या घरांत वंशावळ कोणाच्या तोंडी होती, तेथे ते तोंडच मिटले. आपल्या ज्ञातीच्या प्रत्येक घराने वंशावळ लिहून काढावी आणि तीत जन्म, विवाह, मृत्यू यांचे दिवस घालावेत, असे मी म्हणतो ते यासाठी. २०२५ साली शासनाने ‘जिवंत सातबारा’ मोहीम काढून मयत खातेदारांच्या जागी वारसांची नावे लावण्याचे काम हाती घेतले. त्या नोंदी झाल्या असतील तर त्या नीट तपासा. घाईच्या नोंदीत बहीण गळणे फार सोपे असते.

वाटणीचे मार्ग तीन. सर्वांची संमती असेल, तर महसूल अधिनियमाच्या ८५ व्या कलमाखाली तहसीलदाराकडे अर्ज. मालकीचा प्रश्न कोणी उपस्थित केला, की तो मार्ग थांबतो आणि दिवाणी न्यायालय गाठावे लागते. दुसरा मार्ग नोंदलेले वाटणीपत्र. शेतजमिनीच्या वाटणीपत्राला मुद्रांक शुल्क नाममात्रच होते. नोंदणी शुल्काचा भार वाटत असे, तोही माफ करण्याचा निर्णय २०२५ साली झाला. तेव्हा ‘खर्च परवडत नाही’ ही सबब आता उरली नाही. पंचांसमक्ष चिठ्ठ्या टाकून तोंडी वाटणी करण्याची आपली जुनी चाल कायद्याने अवैध नव्हती. पण २००५ नंतर तोंडी वाटणी सांगून मुलींचा हक्क डावलता येत नाही. सरकारी कागदाने पक्के सिद्ध झाले, तरच ती क्वचित मानली जाते.

तिसरा मार्ग दाव्याचा. त्याची रीत लोकांना ठाऊक नसते म्हणून सांगतो. न्यायालय प्रथम कोणाचा हिस्सा किती, एवढेच ठरविते. हा प्राथमिक हुकूमनामा. लोक पेढे वाटतात. वस्तुतः तेथे अर्धाच रस्ता झालेला असतो. साऱ्याची जमीन असल्यामुळे प्रत्यक्ष सरस-निरस पाहून तुकडे पाडण्याचे काम जिल्हाधिकाऱ्यांकडे जाते. तेथून तहसील, तेथून भूमी अभिलेख, मोजणी, हरकती, फेरमोजणी. अधेमधे कोणी वारला, की वारस लावण्याचे अर्ज. १९८१ साली औरंगाबादला उच्च न्यायालयाचे पीठ आले, म्हणून अपिलासाठी मुंबई गाठण्याचे कष्ट वाचले. अपिलेही त्यामुळे सोपी झाली, हे मात्र मनातल्या मनात म्हणावे लागते. प्राथमिक हुकूमनाम्यानंतर पक्षकाराच्या निराळ्या अर्जाची वाट न पाहता न्यायालयाने स्वतःच पुढील काम चालवावे, असे सर्वोच्च न्यायालयाने २०२२ साली बजावले आहे. ज्यांचे हुकूमनामे ट्रंकेत पडून आहेत, त्यांनी आपल्या वकिलांना याची आठवण द्यावी. आणि ज्यांचा दावा चालू आहे, त्यांनी लोकअदालतीचा विचार करावा. तेथील निवाड्याला हुकूमनाम्याचे बळ असते, त्यावर अपील नाही आणि भरलेली कोर्ट फी परत मिळते.

तडजोड करताना माणसे एकरांवर भांडतात आणि जमिनीकडे पाहत नाहीत. आपल्याकडे प्रत्येकाला काळीचा थोडा, बरडाचा थोडा, चिबडाचा थोडा असा भाग मिळावा म्हणून नाल्यापासून माळापर्यंत उभे पट्टे पाडण्याची चाल आहे. पहिल्या पिढीला ते न्यायाचे वाटते. तिसऱ्या पिढीत पट्टा इतका अरुंद होतो, की ट्रॅक्टर वळवायला शेजारच्या सोयाबीनमध्ये जावे लागते, आणि धुऱ्यावरून डोकी फुटतात. त्यापेक्षा एकाने काळीची कमी जमीन घ्यावी, दुसऱ्याने माळाची जास्त घ्यावी आणि फरक पैशाने भरून काढावा, हे शहाणपणाचे. तुकडेबंदीचा कायदाही तेच सुचवितो. जिरायतीचे वीस गुंठे व बागायतीचे दहा गुंठे हे प्रमाण २०२३ साली आपल्या जिल्ह्यांना लागू झाले आहे. त्याहून लहान तुकडा पडत असेल, तर जमीन एकाने घ्यावी व दुसऱ्याला मोबदला द्यावा. ज्यांनी पूर्वी आपसांत शेते अदलाबदल केली आणि कागद मात्र उलटे राहिले, त्यांच्यासाठी २०२३ सालापासून ‘सलोखा’ योजना आहे. ताबा बारा वर्षांचा असेल, तर एक हजार रुपये मुद्रांक शुल्क व एक हजार नोंदणी शुल्क देऊन अदलाबदल कायम करता येते. कोणाला आपला हिस्सा विकावयाचाच असेल, तर बाहेरच्याआधी आपल्या भावाबहिणींना विचारावे. एकत्र वारशाने आलेल्या हिश्शावर इतर वारसांचा पहिला हक्क असतो आणि तो शेतजमिनीलाही लागू आहे, असे २०१९ साली ठरले आहे.

रस्त्यासाठी जमीन संपादन होणार असेल, तेथे तर वाटणी आधीच करून ठेवावी. मोबदल्याची नोटीस उताऱ्यावरील नावाने येते. जे घर तीस वर्षे जमिनीवर गुण्यागोविंदाने नांदले, ते रोख रकमेच्या आठवड्यात फुटलेले मी पाहिले आहे. वाद निघाला, की रक्कम न्यायालयात जमा होते आणि भावांच्या हाती येते ती निकालानंतरच.

शेवटी विहीर आणि वाट. वाटणीपत्रात हे दोन शब्द सर्वांत शेवटी व सर्वांत मोघम लिहिलेले असतात: ‘विहीर सामाईक, वाट वहिवाटीप्रमाणे.’ माझ्या दप्तरातील निम्मे मनाईचे दावे या एका ओळीतून निघाले आहेत. विहीर सामाईक म्हणजे काय? पाळी किती तासांची? वीज रात्रीची असेल तेव्हा कोणाची? मोटार कोणाच्या नावे, बिल कोण भरणार, गाळ काढण्याचा खर्च कोणी किती सोसावयाचा, आणि विहीर आटल्यावर जो आपल्या हिश्शात बोअर घेईल त्याचे पाणी सामाईक की त्याचे एकट्याचे? २०१६ साली लातूरला मिरजेहून आगगाडीने पाणी आणावे लागले. अशा मुलखात पाण्याची ओळ मोघम ठेवणे म्हणजे पुढच्या पिढीच्या हाती कोयता ठेवणे होय. वाटेचेही तसेच. कोणत्या धुऱ्याने, किती फूट रुंद, बैलगाडीची की उसाने भरलेल्या ट्रॉलीची, हे लिहावे आणि नकाशावर रेघ मारून सर्वांच्या सह्या घ्याव्यात. वाट नसेल तर तहसीलदाराकडे १४३ व्या कलमाखाली मागता येते आणि असलेली अडविली तर मामलेदार कोर्ट अधिनियमाखाली मोकळी करून घेता येते. पण त्या दोन्ही अर्जांत समोर उभा असतो तो आपलाच चुलतभाऊ.

व्याख्यानानंतर ज्यांना आपली कागदपत्रे दाखवावयाची असतील, त्यांनी ती उद्या सकाळी नऊ वाजता वसतिगृहाच्या वाचनालयात घेऊन यावीत. मी तेथे बारापर्यंत बसणार आहे. दोन्ही भाऊ बरोबर आले, तर त्यांना आधी घेईन.